जुन्या डिझेल व्हॅनच्या पंपाचं सेटिंग: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

आठवडी बाजाराला भाजी नेणारी मेटाडोर, तुळजापूर-परळी-औंढ्याच्या फेऱ्या करणारी ट्रॅव्हलर, मंडपवाल्याची बांबू-पडद्यांनी भरलेली गाडी. मराठवाड्यात अशा जुन्या डिझेल व्हॅनवर अजून कितीतरी घरं चालतात. त्यांच्या मालकांचे आणि ड्रायव्हरांचे पंपाबद्दलचे प्रश्न बहुतेक सारखेच असतात. त्यांची उत्तरं इथे एका जागी देतोय. पंप म्हणजे इथे इंजिनाला लागलेला इंजेक्शन पंप, सिलिंडरला दाबाने डिझेल पाठवणारा. कॉमन रेल (सगळ्या नोझलना एकच दाबाची नळी) आणि ईसीएम (इंजिनाचा कॉम्प्युटर) असलेल्या नव्या गाड्यांना यातलं फारसं लागू होत नाही.

पंपाच्या स्क्रूला हात सगळ्यात शेवटी लावायचा असतो. "पंप गेला" म्हणून येणाऱ्या गाड्यांमध्ये दोष बऱ्याचदा फिल्टर, एअर (डिझेलच्या पाइपात शिरलेली हवा), नोझल (सिलिंडरला डिझेल फवारणारा) नाहीतर टॅपेटमध्ये (व्हॉल्व्हच्या गॅपमध्ये) निघतो. खालची बरीच उत्तरं त्याच अंगाने जातात.

माझ्या गाडीला इनलाइन पंप आहे की रोटरी, हे कसं ओळखू?

बॉनेट उघडा आणि नोझलला जाणारे लोखंडी पाइप कुठून निघतात ते बघा. लांबट पेटीच्या वर एका ओळीत चार पाइप असतील तर इनलाइन. पंप गोलसर असेल आणि पाइप मागच्या तोंडातून गोलाकार मांडणीत निघत असतील तर रोटरी. बजाज टेम्पोच्या ज्या गाड्यांत मर्सिडीजच्या ओएम ६१६ कुळातलं इंजिन आहे, त्यांना इनलाइन पंप असतो.

पंपाच्या अंगावर पितळी किंवा अॅल्युमिनियमची प्लेट असते, तिच्यावरचा नंबर लिहून ठेवा. सेटिंगचे आकडे त्या नंबरावरूनच शोधले जातात. जुन्या प्लेटवर 'मायको' दिसलं तर गोंधळू नका. मायको म्हणजे १९५१ साली स्थापन झालेली, बंगळूरची मोटर इंडस्ट्रीज कंपनी. २००८ मध्ये तिचं नाव बॉश लिमिटेड झालं. तिचे नोझल नाशिकच्या कारखान्यात बनतात आणि रोटरी पंप जयपूरला, त्यामुळे ओरिजिनल माल मिळणं ही आपल्याकडे अवघड गोष्ट नाही. नकली नोझल मात्र हुबेहूब डब्यात येतात. बिल देणाऱ्या दुकानातूनच घ्या.

पंपाच्या आत नेमकं काय चालतं?

इनलाइन पंपात प्रत्येक सिलिंडरला एक एलिमेंट असतो, म्हणजे प्लंजर आणि त्याचा बॅरल. दोघांमधली फट दोन-चार मायक्रॉनची. आपल्या डोक्याचा केस साधारण ५० ते ७० मायक्रॉन जाड असतो, त्यावरून अंदाज करा. खालचा कॅम प्लंजरला वर ढकलतो. प्लंजरने बॅरलचं भोक झाकलं की डिझेल दाबलं जायला लागतं. प्लंजरवर तिरकी खाच असते. रॅकने (पंपातल्या सरकणाऱ्या पट्टीने) प्लंजर फिरवला की ही खाच भोकासमोर लवकर किंवा उशिरा येते, आणि त्यावर किती डिझेल जाणार ते ठरतं. ॲक्सिलरेटर आणि गव्हर्नर (इंजिनाचा वेग आवरणारा भाग) दोघं मिळून हा रॅक हलवतात.

टायमिंग (डिझेल फवारण्याची वेळ) लावताना आणखी एक गोष्ट डोक्यात पक्की हवी. फोर स्ट्रोक इंजिनात पंपाचा शाफ्ट क्रँकच्या निम्म्या वेगाने फिरतो. पंपावरचा एक अंश म्हणजे क्रँकवरचे दोन अंश.

मिस्त्री म्हणतात पंप उतरवावा लागेल. त्याआधी मी काय बघू?

टाकीपासून सुरुवात करा. टाकीच्या झाकणाचं हवेचं भोक धुळीने बुजलं असेल तर थोडं अंतर गेल्यावर गाडी गळाठते, थांबून झाकण उघडलं की 'फुस्स' आवाज होतो आणि पुन्हा नीट चालते. कापसाच्या हंगामात आणि कच्च्या रस्त्यावर हा दोष हमखास दिसतो. मग टाकीतली जाळी, फीड पंपाची (टाकीतून डिझेल ओढणाऱ्या छोट्या पंपाची) जाळी, आणि फिल्टर. फिल्टर बदलून किती दिवस झाले हे आठवत नसेल तर बदलाच.

पुढे एअर. फीड पंपाच्या आधीच्या पाइपमध्ये हवा ओढली जाते, पण तिथून डिझेल बाहेर गळत नाही, त्यामुळे नजरेला काही दिसत नाही. फिल्टरपासून पंपाला जाणाऱ्या पाइपच्या जागी तात्पुरता पारदर्शक पाइप लावा आणि इंजिन चालवा. बुडबुडे दिसले तर पंपाला दोष देणं तिथेच थांबवा. रबरी पाइप भेगाळले असतील, बँजो बोल्टचे (पाइप जोडणाऱ्या पोकळ बोल्टचे) वॉशर चेपले असतील. तांब्याचे वॉशर लाल होईपर्यंत तापवून गार केले की पुन्हा मऊ पडतात. पण नवीन मिळत असताना जुने लावू नका.

ॲक्सिलरेटरची केबल बघायला लोक विसरतात. एकाला आत बसवा, पेडल पूर्ण दाबायला सांगा, आणि पंपाचा लिव्हर शेवटच्या बोल्टला टेकतो का ते बघा. बोटभर अंतर राहत असेल तर गाडी ओढणारच नाही. आणि त्यासाठी पंपाच्या स्क्रूचं सील तोडून डिझेल वाढवणं म्हणजे चांगल्या पंपाचं वाटोळं.

त्यानंतर एअर फिल्टर, टॅपेट, नोझल. मूळ ओएम ६१६ ला थंड इंजिनावर इनलेटचा गॅप ०.१० मिमी आणि एक्झॉस्टचा ०.३० मिमी लागतो. टॅपेट घट्ट बसले की कॉम्प्रेशन पडतं, सकाळी गाडी उशिरा सुरू होते, पांढरा धूर येतो. ही सगळी लक्षणं टायमिंग हुकल्यासारखीच दिसतात. एवढं झाल्यावरही तक्रार राहिली तर पंपाकडे वळा.

कुठला सिलिंडर मिसिंग करतोय ते घरच्या घरी कळतं का?

कळतं. इंजिन आयडलवर ठेवा आणि एकेका नोझलच्या पाइपचा नट थोडा सैल करून पुन्हा घट्ट करा. चालू सिलिंडरचा नट सैल केला की आवाज बदलतो, इंजिन लंगडतं. ज्याचा नट सैल करूनही फरक पडत नाही, तो सिलिंडर काम करत नाही. मग त्याचा नोझल शेजारच्या सिलिंडरला लावून बघा. दोष नोझलबरोबर सरकला तर नोझल, तिथेच राहिला तर पंपाचा एलिमेंट किंवा कॉम्प्रेशन. नट सैल करताना चष्मा घाला आणि वरून फडकं धरा.

डिझेलचा फवारा हाताला लागला तर?

घरी थांबू नका, थेट मोठ्या दवाखान्यात जा. इनडायरेक्ट इंजेक्शनच्या (डिझेल आधी छोट्या कप्प्यात फवारणाऱ्या) जुन्या इंजिनातसुद्धा नोझल १०० बारच्या वर उघडतो. डायरेक्ट इंजेक्शनच्या गाड्यांत तो दाब २०० बारच्या आसपास असतो. एवढ्या दाबाचं डिझेल कातडीतून आत घुसतं. वरून टाचणी टोचल्याएवढी खूण दिसते, दुखतही नाही, आणि आतमध्ये मांस सडायला लागतं. डॉक्टरांना "दाबाचं डिझेल आत गेलंय" असं स्पष्ट सांगा, नाहीतर साधी जखम समजून पट्टी बांधून परत पाठवतील. नोझलचा फवारा कधीही बोटाने तपासू नका. गळती शोधायची तर पुठ्ठ्याचा तुकडा धरा.

एअर काढायची बरोबर पद्धत कोणती?

फीड पंपावरचा हँड प्रायमर सोडवून मारत राहा. आधी फिल्टरचा एअर स्क्रू सैल करा. फेसाळ डिझेल यायचं थांबून सलग धार आली की प्रायमर दाबलेला असतानाच स्क्रू घट्ट करा. मग पंपाच्या गॅलरीचा (आतल्या डिझेलच्या वाटेचा) स्क्रू, तसंच. शेवटी नोझलचे नट सैल करून स्टार्टर मारा, डिझेल आलं की घट्ट. क्रम उलटा केला तर एअर पुढे जातच राहते. स्टार्टर एका वेळी दहा-पंधरा सेकंदांच्या वर मारू नका आणि मध्ये अर्धा मिनिट सोडा. बॅटरी आणि स्टार्टर दोन्ही त्यातच जळतात.

कोणता स्क्रू मी फिरवू शकतो आणि कोणत्याला हात लावू नये?

आयडलचा स्क्रू तुमचा. इंजिन पूर्ण गरम झाल्यावर फिरवायचा, एसी किंवा इतर लोड नसताना. ओएम ६१६ कुळातल्या इंजिनाला साधारण ७०० ते ८०० आरपीएम पुरतात. टॅकोमीटर नसेल तर कामगिरी मिस्त्रीच्या कानावर सोडा, पण आवाज गोड लागतो म्हणून आयडल फार खाली आणू नका. ऑइलचा दाब पडतो आणि व्हॅन भरलेली असताना चौकात बंद पडते.

बाकीचे सगळे स्क्रू टेस्ट बेंचवरचे, म्हणजे पंप उतरवून तपासणीच्या मशिनवर लावायचे. मॅक्झिमम स्पीडचा आणि फुल लोड डिझेलचा स्क्रू तारेने बांधून शिशाने सील केलेला असतो. गव्हर्नरच्या आतली स्प्रिंग, डिलिव्हरी व्हॉल्व्हचे (डिझेल पंपातून पाइपात सोडणाऱ्या व्हॉल्व्हचे) होल्डर, एलिमेंटच्या दात्यांचे क्लॅम्प, यांतलं काहीही गाडीवर बसल्या जागी अंदाजाने लावता येत नाही. चार एलिमेंट सारखंच डिझेल देतात की नाही हे डोळ्याला दिसत नाही आणि कानालाही फार उशिरा कळतं.

टायमिंग हललंय हे कशावरून समजायचं?

टायमिंग लवकर झालं असेल तर थंड इंजिन कडक टकटक करतं, लोखंडावर लोखंड आपटल्यासारखी. इंजिन गरम होतं, हेड गॅस्केटवर ताण येतो. उशिरा झालं असेल तर सकाळी पांढरा धूर, डोळे झोंबणारा वास, चढावर दम नाही, सायलेन्सर नको तितका तापतो, ॲव्हरेज पडतं.

टायमिंग आपोआप का हलतं, असंही विचारतात. पंप बसवलेले नट सैल होऊन पंप किंचित फिरतो, हे एक. दुसरं कारण जुन्या इंजिनात जास्त महत्त्वाचं आहे. ओएम ६१६ मध्ये पंप टायमिंग चेनवर चालतो. वर्षानुवर्षं चालून चेन ताणली की कॅमशाफ्ट आणि पंप दोन्ही मागे पडतात. मग पंप फिरवून इंजेक्शन जागेवर आणता येतं, पण व्हॉल्व्हचं टायमिंग मागेच राहतं. म्हणून टायमिंग बरंच मागे सापडलं तर आधी चेन तपासा. चेन तुटायला आली असताना पंप सेट करून गाडी परत देणं हे माझ्या मते काम नव्हे.

इनलाइन पंपाचं टायमिंग कसं लावतात?

याला मिस्त्री लोक थेंबाचं टायमिंग म्हणतात. तत्त्व सोपं आहे. प्लंजर खाली असताना डिझेल भोकातून मोकळं वर येतं. प्लंजरने भोक झाकलं की धार तुटते. ती तुटण्याची वेळ म्हणजेच इंजेक्शनची सुरुवात.

काम करताना बॅटरीची तार काढून ठेवा. पंपाभोवतीची जागा डिझेलने धुऊन वाऱ्याने स्वच्छ करा. दारात गिरणी किंवा रस्ता असेल आणि धूळ उडत असेल तर त्या वेळी पंप उघडूच नका. मराठवाड्यातल्या उन्हाळी वावटळीत उघडा पडलेला डिलिव्हरी व्हॉल्व्ह पुन्हा बसवला की तो पुरता बसत नाही.

पहिल्या सिलिंडरचा पाइप काढा. डिलिव्हरी व्हॉल्व्हचा होल्डर खोला, आतली स्प्रिंग आणि व्हॉल्व्ह काढून स्वच्छ डिझेलच्या वाटीत ठेवा, सीट जागेवरच राहू द्या. होल्डर परत बसवा आणि त्यावर वाकडी नळी लावा. पंपाला वर टांगलेल्या डब्यातून डिझेल द्या, म्हणजे दाब एकसारखा राहतो. ॲक्सिलरेटरचा लिव्हर फुलवर बांधा. स्टॉपचा लिव्हर ओढलेला राहिला तर सगळंच चुकतं.

आता इंजिन नेहमीच्या दिशेने हाताने फिरवा, पहिल्या सिलिंडरच्या कॉम्प्रेशन स्ट्रोकवर. दोन्ही टॅपेट मोकळे असतील तर तोच स्ट्रोक. नळीतून धार चालू असते. हळूहळू फिरवत गेलात की धार बारीक होते, मग थेंब. सेकंदाला साधारण एक थेंब पडायला लागला की थांबा आणि क्रँक पुलीवरची खूण वाचा. मूळ ओएम ६१६ ला ती टीडीसीच्या (पिस्टन सगळ्यात वर असण्याच्या जागेच्या) २४ अंश आधी हवी. त्याच घरातल्या पुढच्या इंजिनांना आणि इतर गाड्यांना वेगळा आकडा असतो, तो सर्व्हिस मॅन्युअलमध्येच बघा. ऐकीव आकड्यावर टायमिंग लावू नये.

पुढे गेलात तर तेवढंच मागे आणून वाचू नका. बरंच मागे जा आणि पुन्हा त्याच दिशेने या. गिअर आणि चेनमधला सैलपणा नाहीतर आकड्यात मिसळतो.

दुरुस्ती करायची तर सगळे नोझल पाइप पंपाकडून सैल करा, मागचा सपोर्ट ब्रॅकेट सैल करा, मगच फ्लँजचे (पंप इंजिनाला बसवणाऱ्या कडेचे) नट. पाइप घट्ट ठेवून पंप फिरवला तर काही दिवसांनी पाइपला चीर जाते. पंपाची बॉडी शाफ्टच्या फिरण्याच्या उलट दिशेने सरकवली की टायमिंग लवकर होतं, त्याच दिशेने सरकवली की उशिरा. नट आवळल्यावर पुन्हा एकदा थेंब बघा, कारण आवळताना पंप सरकतोच. व्हॉल्व्ह आणि स्प्रिंग परत टाका, होल्डर टॉर्क रेंचने आवळा. जास्त आवळला तर बॅरल किंचित आवळला जाऊन प्लंजर अडकतो.

रोटरी पंपाचं?

तिथे डायल गेज लागतो. पंपाच्या मागच्या तोंडातला मधला बोल्ट काढून गेज बसवतात. इंजिन उलटं फिरवत प्लंजर सगळ्यात खाली आला की गेज शून्य करतात, मग सरळ दिशेने फिरवून टीडीसीच्या खुणेवर आणतात. तेवढ्यात प्लंजर किती मिमी वर आला ते मॅन्युअलमधल्या आकड्याशी जुळवायचं. कोल्ड स्टार्टचा लिव्हर सोडवलेला हवा, नाहीतर आकडा खोटा येतो. गेज नसलेल्या माणसाकडून हे काम करून घेऊ नका.

"मिस्त्री, सकाळी गाडी एका हाफमध्ये लागती, दुपारी गरम झाली की सुरूच व्हईना." का?

एप्रिल-मे मध्ये सर्वांत जास्त येणारी तक्रार ही. आपल्याकडे पारा ४२-४३ अंशांवर जातो, टाकी उन्हात, इंजिनाची धग वेगळी. डिझेल जितकं तापेल तितकं पातळ होतं. पंपाचा प्लंजर आणि हेड (प्लंजर ज्यात चालतो तो पंपाचा भाग) झिजलेले असतील तर पातळ डिझेल त्या फटीतून मागे निसटतं. स्टार्टरवर इंजिन फिरतं जेमतेम दीड-दोनशे आरपीएमने, त्या वेगात नोझल उघडण्याइतका दाब तयारच होत नाही. थंड असताना डिझेल घट्ट असतं, निसटत नाही, म्हणून सकाळी गाडी लगेच लागते. चालू असताना वेग जास्त असल्यामुळे दाब मिळतो, म्हणून रस्त्यात त्रास नाही. रोटरी पंपात हे जास्त दिसतं.

खात्री करण्याची जुनी आणि पक्की पद्धत आहे. गरम गाडी सुरू होत नसेल तेव्हा पंपावर ओलं फडकं गुंडाळा आणि दहा-पंधरा मिनिटं थांबा. मग गाडी लागली तर पंपाचं हेड झिजलंय. गार पाणी थेट ओतू नका. मायक्रॉनच्या फटीचे भाग एकदम आक्रसले तर पंप जाम होतो. आणि इंजिन चालू असताना तर अजिबातच नको.

पण फडकं गुंडाळायच्या आधी दोन गोष्टी बघा. गरम झाल्यावर स्टार्टर मंद फिरतोय का? बॅटरीच्या टर्मिनलवर पांढरं साचलं असेल, स्टार्टरचे बुश झिजले असतील. दुसरं, किल्ली फिरवल्यावर पंपावरच्या स्टॉप सोलेनॉइडचा (डिझेल चालू-बंद करणाऱ्या विजेच्या व्हॉल्व्हचा) 'टक' आवाज येतो का? गरम झाल्यावर त्याची कॉइल दगा देते आणि डिझेल बंद राहतं. सोलेनॉइड बदलणं हे काही मिनिटांचं काम आहे, हेड बदलणं हा मोठा खर्च. एवढा फरक असताना घाई कशाला?

झिजलेल्या हेडवर सेटिंगचा इलाज नाही. डिझेल वाढवून काही दिवस निघतात, मग धूरही वाढतो आणि दुपारचा त्रास परत येतो.

थंडीत पांढरा धूर मारते आणि लंगडते. टायमिंग बिघडलं का?

आधी हीटर प्लग (सुरू करताना सिलिंडर तापवणारे) तपासा. डिसेंबर-जानेवारीत परभणी-हिंगोलीकडे पहाटे चांगलाच गारठा पडतो. चारपैकी एक प्लग गेला तरी तेवढा सिलिंडर पहिली मिनिटं जळत नाही आणि न जळलेलं डिझेल पांढरा धूर होऊन बाहेर येतं. टेस्ट लॅम्पने एकेक प्लग बघता येतो. इंजिन गरम झाल्यावर धूर आणि लंगडणं दोन्ही जात असेल तर टायमिंगला हात लावू नका.

काळा, निळा, पांढरा: धुरावरून काय ओळखायचं?

काळा म्हणजे हवेच्या मानाने डिझेल जास्त, किंवा नोझल फवारा न करता धार सोडतोय. निळा म्हणजे इंजिन ऑइल जळतंय, पंपाशी संबंध नाही. पांढरा म्हणजे डिझेल न जळता बाहेर पडतंय. पांढऱ्यात गोडसर वास असेल आणि रेडिएटरचं पाणी कमी होत असेल तर हेड गॅस्केट बघा.

"भाऊ, जरा डिझेल वाढवून द्या, घाटात गाडी ओढंना."

ही विनंती मी नाकारतो. कन्नडचा घाट असो की मांजरसुंब्याचा, जुनी व्हॅन नव्या गाडीसारखी चढणार नाही, आणि तिने तसं चढावं म्हणून सील तोडणं हे मालकाच्याच नुकसानीचं आहे. सिलिंडरमध्ये हवा तेवढीच जाते. तिच्यापेक्षा जास्त डिझेल दिलं की ते जळत नाही, काळा धूर होऊन निघतं आणि पिस्टनचं डोकं तापतं. लांब चढावर पिस्टन वितळून भोक पडलेले मी पाहिले आहेत. त्यात माणसं बसलेली असतात हे विसरता येत नाही.

शिवाय पीयूसी आहे. बीएस-४ च्या आधीच्या डिझेल गाड्यांना मोकळ्या ॲक्सिलरेशनच्या चाचणीत धुराची मर्यादा ६५ हार्ट्रिज युनिट (धुराचा गडदपणा मोजायचं माप) आहे. खासगी गाडीची नोंदणी १५ वर्षांनंतर दर पाच वर्षांनी नव्याने करावी लागते, प्रवासी गाडीला फिटनेस आहेच. डिझेल वाढवलेली गाडी तिथे अडकते आणि मग तोच स्क्रू कमी करायला माणूस परत येतो.

घाटात खरंच दम कमी वाटत असेल तर एअर फिल्टर, नोझल, टायमिंग, केबल, क्लच आणि चाकांची हवा यांवर पैसे घाला. आणि भरलेला माल पासिंगप्रमाणे आहे का ते बघा. उसाच्या आणि लग्नाच्या हंगामात पंपाच्या नावाने येणाऱ्या बऱ्याच तक्रारी वजनाच्या असतात.

आताचं बीएस-६ डिझेल जुन्या पंपाला चालतं का?

चालतं. १ एप्रिल २०२० पासून देशभर मिळणाऱ्या डिझेलमध्ये सल्फर दहा लाख भागांत जास्तीत जास्त १० भाग असतं. सल्फर काढताना डिझेलचा वंगणपणा कमी होतो, पण तो भरून काढणारं मिश्रण कंपन्या घालतात आणि त्याचीही मर्यादा मानकात ठरलेली आहे. जुन्या रबरी सीलना मात्र डिझेल बदललं की गळायची सवय असते. सील किट बदलून घ्या, काम भागतं.

खरा शत्रू भेसळ. पंपाचे प्लंजर डिझेलनेच वंगण घेतात. त्यात रॉकेल मिसळलं की वंगण जातं आणि प्लंजरवर ओरखडे येतात. स्वस्तात मिळतंय म्हणून कॅनमधलं डिझेल घेऊ नका. पेट्रोल पंपावर घनता तपासून मागण्याचा ग्राहकाला हक्क आहे, मागा. पावसाळ्यात वॉटर सेपरेटरचं पाणी दर आठवड्याला सोडा. एक थेंब पाणी आत राहिलं आणि गाडी महिनाभर उभी राहिली तरी प्लंजरला गंज धरतो.

इंजिन ऑइल कमी व्हायच्या ऐवजी वाढतंय. चांगलंच ना?

अजिबात नाही. गाडी त्याच दिवशी उभी करा. डिपस्टिक काढून बोटांवर चोळा आणि वास घ्या. पातळ लागलं आणि डिझेलचा वास आला तर डिझेल ऑइलमध्ये उतरतंय. ज्या इनलाइन पंपांना वंगण इंजिनाचंच असतं, त्यांत झिजलेल्या प्लंजरमधून किंवा फीड पंपातून डिझेल खाली जातं. असं ऑइल बेअरिंग खातं. ज्या पंपाला स्वतःचं ऑइल असतं, त्याची पातळी इंजिन ऑइल बदलताना दर वेळी बघा. बरेच जण त्या पंपाला वेगळं ऑइल असतं हेच विसरतात.

ॲक्सिलरेटर सोडला तरी गाडी रेस घेते, बंदही होत नाही.

आधी ती थांबवा. स्टॉप लिव्हर हाताने ओढा. तरी थांबली नाही तर टॉपचा गिअर टाका, ब्रेक घट्ट दाबा आणि क्लच सोडून इंजिन बंद पाडा. हवेच्या तोंडावर फळी किंवा जाड घडी दाबूनही इंजिन बंद होतं. तळहात कधीच लावू नका, ओढ जबरदस्त असते.

मग कारण शोधा. काही जुन्या पंपांना व्हॅक्यूमवर चालणारा गव्हर्नर असतो. त्याचा डायफ्रॅम फाटला किंवा व्हॅक्यूमचा पाइप निघाला की रॅक फुल डिझेलकडे जातो. तपासणी सोपी आहे: इंजिन बंद असताना स्टॉप लिव्हर ओढून धरा, व्हॅक्यूमच्या तोंडावर बोट ठेवा, लिव्हर सोडा. रॅक जागेवर धरून राहिला तर डायफ्रॅम चांगला, लगेच परत धावला तर फाटलाय. दुसऱ्या प्रकारच्या पंपात रॅक जुन्या डिझेलच्या चिकट थराने किंवा गंजाने अडकलेला सापडतो. कारण सापडेपर्यंत गाडी रस्त्यावर काढू नका.

कॅलिब्रेशनला (बेंचवर सेटिंगला) पंप दिला तर दुकानदाराला काय विचारू?

संभाजीनगर, जालना, लातूर, नांदेड या सगळ्या ठिकाणी बेंच असलेली दुकानं आहेत. जाताना पंपाबरोबर नोझलही न्या. पंप नवा आणि नोझल जुने असले की पैसे निम्मे वाया.

खोलण्याआधी पंप बेंचवर चालवून आहे त्या स्थितीतले आकडे लिहून मागा. प्रत्येक एलिमेंट ठराविक स्ट्रोकमध्ये किती मिलिलिटर देतो, आयडलला किती आणि फुल लोडला किती, गव्हर्नर कुठल्या आरपीएमला डिझेल तोडतो. काम झाल्यावर तेच आकडे पुन्हा. दोन कागद शेजारी ठेवले की काय सुधारलं ते तुम्हालाही दिसतं. काढलेले एलिमेंट, व्हॉल्व्ह, नोझल परत मागा. चांगला दुकानदार यावर रागावत नाही. शेवटी सील केलं का ते डोळ्याने बघा.

पंप बसवून आणला. लगेच भाडं घेऊ का?

एक दिवस रिकामी चालवा. इंजिन गरम झाल्यावर प्रत्येक नट, बँजो आणि रिटर्न पाइप पुठ्ठ्याने व कोरड्या फडक्याने तपासा. आयडल पुन्हा लावावं लागेल, कारण बेंचवरचं आयडल आणि गाडीवरचं यात थोडा फरक पडतो. फ्लँज आणि इंजिनाच्या बॉडीवर छिन्नीने एक सरळ रेघ मारा आणि तिचा फोटो काढून ठेवा. पुढे कधी कुणी पंप हलवला, तर कुठे परत आणायचा ते त्या रेघेवरून कळतं. त्यानंतर टाकी फुल करून ॲव्हरेज मोजा, डिपस्टिक पुढचे आठ दिवस रोज सकाळी बघा, आणि मगच मंडपाचं सामान भरा.